'तुंबाड' : एका भयपटाची निर्मितिकथा

चित्रपटाचा अभ्यास करताना अभ्यासकाची दृष्टी बहुधा पडद्यावर दिसणाऱ्या कृतीवर खिळलेली असते. कथानक, पात्रचित्रण, छायालेखन, ध्वनी यांची चर्चा होते. परंतु ती कृती पडद्यावर येण्यापूर्वी कोणत्या अवस्थांतून गेली, किती वेळा मोडली व पुन्हा कशी उभी राहिली, याचा विचार क्वचितच केला जातो. वाङ्मयाच्या अभ्यासात हस्तलिखिते, पाठभेद व आवृत्त्या यांना जे स्थान आहे तेच चित्रपटाच्या अभ्यासात निर्मितिप्रक्रियेला द्यावयास हवे. कारण चित्रपट ही कला मोठ्या द्रव्यावर, अनेकांच्या श्रमावर व बाजारपेठेच्या लहरीवर अवलंबून असते, आणि या तिन्हींच्या खुणा तिच्या अंतिम रूपावर उमटलेल्या असतात.

या दृष्टीने १२ ऑक्टोबर २०१८ रोजी प्रदर्शित झालेला 'तुंबाड' हा चित्रपट विशेष अभ्यसनीय आहे. त्याची भाषा हिंदी आहे. पण त्याची भूमी, त्याचे वाङ्मयीन मूळ, त्यातील वाडे, नावे व संस्कार सर्वस्वी मराठी आहेत. पहिल्या कल्पनेपासून प्रदर्शनापर्यंत सुमारे पंचवीस वर्षे गेली. प्रदर्शनानंतरही त्याला योग्य प्रेक्षकवर्ग लाभण्यास आणखी सहा वर्षे लागली. हा विलंब केवळ दुर्दैवाचा परिणाम होता, की त्या कृतीच्या स्वरूपातच त्याचे कारण होते, हा प्रस्तुत लेखातील मुख्य प्रश्न आहे.

१. बीज

दिग्दर्शक राही अनिल बर्वे हे 'थँक यू मिस्टर ग्लाड' या नाटकाचे लेखक अनिल बर्वे यांचे पुत्र होत. त्यांनी स्वतः सांगितलेल्या हकिगतीनुसार १९९३ साली नागझिरा अभयारण्यात मुक्कामास असताना एका मित्राने त्यांना नारायण धारप यांची एक भयकथा ऐकविली, आणि त्या कथेने त्यांच्या मनाचा कायमचा ठाव घेतला. पुढे मूळ कथा वाचावयास मिळाली तेव्हा ऐकताना जाणवलेले भय त्यांना तीत तेवढ्या प्रमाणात आढळले नाही. कथेपेक्षा कथन अधिक भयकारक होते असा त्याचा अर्थ. जंगलातील रात्र, अंधार व सांगणाऱ्याचा स्वर ही सारी त्या भयाची सामग्री होती. चित्रपटाची पुढील वाटचाल पाहता ही गोष्ट महत्त्वाची ठरते. दिग्दर्शकाला पडद्यावर आणावयाची होती ती घटनांची मालिका नव्हती. त्याला ते वातावरण आणावयाचे होते, आणि वातावरण ही वस्तू पटकथेच्या कागदावर निर्मात्याला दाखविता येत नाही.

नारायण धारप (१९२५–२००८) हे मराठी भयकथेचे सर्वाधिक वाचले गेलेले लेखक. समीक्षकांनी त्यांची उपेक्षा केली तरी वाचनालयांतून त्यांच्या पुस्तकांना मागणी कधी कमी झाली नाही. अमेरिकन लेखक स्टीफन किंग यांच्या काही कथाबीजांना त्यांनी मराठी वेष चढविला. 'लुचाई' ही कादंबरी हे त्याचे ठळक उदाहरण होय. किंग यांची म्हाताऱ्या, अघोरी आजीची व तिच्याजवळ एकट्याच राहिलेल्या मुलाची कथा १९८४ साली प्रथम प्रसिद्ध झाली. धारपांच्या 'आजी' या कथेचे तिच्याशी नाते आहे, आणि 'तुंबाड'च्या पूर्वार्धातील साखळदंडांनी जखडलेली वृद्धा याच कुळातील आहे. अमेरिकेतील एका मासिकातील कथा पुण्याच्या लेखकामार्फत मराठीत यावी, ती भंडारा-गोंदिया भागातील अरण्यात तोंडी सांगितली जावी आणि अखेर कोकणातील वाड्यात चित्रित व्हावी, हा प्रवास तौलनिक साहित्याच्या अभ्यासकालाही उद्बोधक वाटावा.

चित्रपटाचे नाव मात्र वेगळ्याच परंपरेतून आले. श्री. ना. पेंडसे यांची 'तुंबाडचे खोत' ही द्विखंडात्मक कादंबरी १९८७ साली प्रसिद्ध झाली. रत्नागिरी जिल्ह्यातील खेड तालुक्यात, जगबुडीच्या काठी वसलेल्या तुंबाड गावातील एका खोत घराण्याच्या पिढ्यांचा तो इतिहास आहे. चित्रपटाने कादंबरीचे कथानक घेतलेले नाही. त्याने घेतले ते गाव, त्या गावाच्या नावातील गूढ नाद, आणि एका घराण्याचा ऱ्हास पिढ्यान्‌पिढ्या पाहण्याची दृष्टी. धारपांचे भय व पेंडशांचा काळपट अशा दोन अगदी भिन्न वाङ्मयीन प्रवाहांचा येथे संगम झाला आहे. एकाला प्रतिष्ठित साहित्याने दाराबाहेर ठेवले होते, तर दुसरा त्याच साहित्याच्या देवघरात होता.

२. कथावस्तू

पुढील विवेचनासाठी कथेचा सारांश आवश्यक आहे. समृद्धीच्या देवीने अनेक देवांना जन्म दिला. तिचे पहिले अपत्य हस्तर. त्याने आईजवळचे सर्व सोने लुबाडले आणि अन्नही लुबाडण्यासाठी तो धावला तेव्हा इतर देवांनी त्याच्यावर हल्ला केला. देवीने त्याला वाचविले व आपल्या उदरात दडविले, पण त्याची पूजा कधी होऊ नये ही अट घातली. तुंबाडच्या एका घराण्याने ती अट मोडून त्याचे मंदिर बांधले, आणि तेव्हापासून त्या गावावर देवांचा कोप पावसाच्या रूपाने अखंड बरसू लागला.

मुख्य कथा १९१८ साली सुरू होऊन १९४७ साली संपते. विनायक हा गावातील वृद्ध 'सरकारां'चा अनौरस पुत्र. लहानपणी त्याचा भाऊ मरण पावतो. आई त्याला पुण्यास नेते व तुंबाडला परत न जाण्याचे वचन घेते. मोठा झाल्यावर विनायक ते वचन मोडतो. आजी अजून जिवंत असते आणि तिच्या देहातून झाड वाढलेले असते. तिच्याकडून रहस्य काढून घेऊन तो देवीच्या उदरात उतरण्याची युक्ती शिकतो. कणकेची बाहुली दाखवून भुकेल्या हस्तराला भुलवावयाचे आणि त्याच्या लंगोटीतून सुवर्णमुद्रा ओढून घ्यावयाच्या, असा तो व्यवहार आहे. पुढे तो आपल्या मुलाला, पांडुरंगाला, हीच विद्या शिकवितो. मुलाचा लोभ बापाहून मोठा ठरतो व त्यातूनच विनायकाचा विनाश ओढवतो. शेवटी बापाने पुढे केलेले सोने मुलगा नाकारतो आणि त्याला अग्नी देतो. पूर्वार्धात विनायकाने आजीला दिलेल्या अग्नीशी ही घटना जुळवून पाहिली म्हणजे रचनेतील हेतू ध्यानात येतो. दोन्ही ठिकाणी अग्नी हीच सुटका आहे, पण पहिली सुटका मोबदल्यात दिलेली आणि दुसरी मोबदला नाकारून दिलेली आहे.

देवी व हस्तर यांची ही कथा कोणत्याही पुराणात नाही. ती चित्रपटकर्त्यांची स्वतंत्र निर्मिती आहे. 'हस्तर' या नावाचे पाश्चात्त्य भयवाङ्मयातील 'हास्तुर' या नावाशी साम्य दिसते. अँब्रोज बिअर्सपासून पुढे अनेक लेखकांनी ते नाव वापरले आहे. कल्पित पुराण खऱ्या पुराणासारखे वाटावे अशा रीतीने रचणे हे या पटकथेचे मोठे यश म्हटले पाहिजे.

३. मोडलेले प्रयत्न

पटकथेचा पहिला आराखडा बर्वे यांनी १९९७ साली लिहिला. २००८ साली त्यांनी 'मांजा' नावाचा लघुपट केला. डॅनी बॉईल यांनी तो आपल्या 'स्लमडॉग मिलियनेअर'च्या ब्लू-रे आवृत्तीत समाविष्ट केल्याने बर्वे यांच्या नावाकडे लक्ष वेधले गेले. त्याच सुमारास 'तुंबाड'ची पहिली जुळवाजुळव झाली व नवाजुद्दीन सिद्दीकी यांची प्रमुख भूमिकेसाठी निवडही झाली. पण निर्मात्याने अंग काढून घेतल्याने तो प्रयत्न फसला. २००९-१० या काळात बर्वे यांनी सुमारे ७०० पृष्ठांची चित्रसंहिता तयार केली. तीत प्रत्येक दृश्याची चौकट रेखाटलेली होती. त्यांच्या सांगण्याप्रमाणे एकूण सात निर्मितिसंस्थांनी हा विषय स्वीकारून पुढे सोडून दिला.

या माघारीची कारणे समजण्याजोगी आहेत. हिंदी चित्रपटसृष्टीत भयपट हा प्रकार स्वस्त मानला जाई. रामसे बंधूंनी 'दो गज जमीन के नीचे' (१९७२) या चित्रपटापासून जी पद्धत रूढ केली तिच्यात मर्यादित खर्च, थोडक्या दिवसांचे चित्रण व जिल्ह्याजिल्ह्यांतील लहान चित्रपटगृहांतून होणारी वसुली यांचा हिशेब पक्का होता. मराठीत भयापेक्षा भय व विनोद यांचे मिश्रण अधिक चालले. 'झपाटलेला' (१९९३) हे त्याचे लोकप्रिय उदाहरण. अशा स्थितीत तारांकित नट नाही, प्रेमकथा नाही, नायकच लोभी व क्रूर आहे, वेशभूषा व वास्तू तीस-चाळीस वर्षांच्या कालखंडातील हव्यात आणि राक्षसाच्या निर्मितीस परदेशी तंत्रज्ञांची गरज आहे असा भयपट व्यवहाराच्या कोणत्याच खान्यात बसत नव्हता. लहान चित्रपट म्हणावा तर खर्च अधिक, आणि मोठा म्हणावा तर आकर्षण कमी, असा हा पेच होता.

तो सुटला सोहम शाह यांच्यामुळे. राजस्थानातील श्रीगंगानगरहून आलेले शाह यांनी आनंद गांधी दिग्दर्शित 'शिप ऑफ थिसिअस' (२०१२) या चित्रपटात भूमिका केली होती व त्याच्या निर्मितीचा भारही उचलला होता. त्या चित्रपटाचे छायालेखक पंकज कुमार हेच पुढे 'तुंबाड'चेही छायालेखक झाले. एका प्रायोगिक चित्रपटाभोवती जमलेला हा समूह दुसऱ्या अशक्य वाटणाऱ्या चित्रपटाकडे वळला, असे म्हणावयास हरकत नाही. शाह यांनी विनायकाची भूमिका व निर्मितीची जबाबदारी अशा दोन्ही गोष्टी स्वीकारल्या. या कामासाठी स्वतःची मालमत्ता विकावी लागल्याचे त्यांनी पुढे मुलाखतींतून सांगितले आहे. लोभाच्या कथेसाठी एका नटाने आपले संचित पणाला लावावे हा योग लक्षणीय आहे.

४. पाऊस व वास्तू

चित्रण २०१२ साली सुरू झाले. तुंबाडचा परिसर, सासवडचा पुरंदरे वाडा, महाबळेश्वर व सातारा भाग ही त्याची स्थळे होत. कऱ्हेकाठच्या सासवडमधील सरदार पुरंदरे यांचा वाडा पेशवाईच्या काळातील असून त्याचा दरवाजा व बुरूज शनिवारवाड्याची आठवण करून देतात. पडद्यावरील वाड्याला जी ओल, जे वजन व जी पडझड दिसते ती कृत्रिम सेटवर क्वचितच साधते.

सर्वांत मोठा अडथळा पावसाचा होता. कथेनुसार तुंबाडमध्ये पाऊस कधी थांबत नाही. नळांनी पाडलेल्या पावसाने मेघांचा काळोख निर्माण होत नाही. उन्हाची एक तिरीप आली तरी दृश्य फसते. म्हणून चित्रण खऱ्या पावसाळ्यात करावयाचे ठरले आणि त्यासाठी चार पावसाळे खर्ची पडले. येथे निर्मितीचा काळ व निसर्गाचा काळ यांचा मेळ घालावा लागला. पावसाळा संपला की बाह्यदृश्ये थांबत व पुढील ज्येष्ठ-आषाढाची वाट पाहावी लागे. बालकलाकार मात्र वाट पाहत नाहीत, ते वाढतात. कर्जाचे व्याजही थांबत नाही. नागर व्यवसायाच्या वेळापत्रकाने काम करणाऱ्या चित्रपटसृष्टीत शेतकऱ्याप्रमाणे मृगाकडे डोळे लावून बसणारी ही निर्मिती अपवादात्मक होती.

छायालेखनाचा विचार येथेच करणे सोयीचे होईल. पंकज कुमार यांनी बाह्यदृश्यांत ढगाळ दिवसाचा मंद, सावलीहीन प्रकाश आणि अंतर्दृश्यांत कंदील, दिवटी व चुलीचा उजेड यांवर भर दिला आहे. उघड्यावर सर्व काही करडे व हिरवट दिसते. देवीच्या उदरात मात्र सारे रक्तवर्ण होते. तो अंतर्भाग गर्भाशयासारखा मऊ, ओला व स्पंदनशील भासतो. भयाची जागा अंधारी विहीर नसून मातेचे उदर आहे, ही कल्पना रंगानेच प्रेक्षकाच्या मनावर ठसविली जाते.

५. पुनर्लेखन व पुनर्चित्रण

पहिल्या चित्रणानंतर संकलन झाले तेव्हा जे हाती आले ते अपेक्षेप्रमाणे नाही, असे बर्वे व शाह यांचे मत झाले. या टप्प्यावर बहुतेक निर्माते तडजोड करतात. खर्च झालेला असतो, व्याज वाढत असते, आणि मिळेल त्या रूपात चित्रपट बाजारात आणणे हाच शहाणपणा मानला जातो. येथे उलट घडले. पटकथेचे पुनर्लेखन झाले, मोठा भाग पुन्हा चित्रित करण्यात आला आणि चित्रण मे २०१५ मध्ये पूर्ण झाले. लेखक म्हणून मितेश शाह, आदेश प्रसाद, राही अनिल बर्वे व आनंद गांधी अशी चार नावे श्रेयनामावलीत आहेत. दिग्दर्शक बर्वे, सहदिग्दर्शक प्रसाद व सर्जनशील दिग्दर्शक गांधी अशी विभागणी आहे. दीर्घ काळ चाललेल्या निर्मितीत कर्तृत्वाची सीमारेषा पुसट होते, आणि ही नामावली त्या इतिहासाचाच एक दस्तऐवज आहे. तिच्यावरून एकाच व्यक्तीस 'कर्ता' ठरविण्याचा मोह अभ्यासकाने टाळावा, तसेच मूळ दृष्टी कोणाची होती हेही विसरू नये.

चित्रणोत्तर कामास आणखी काळ लागला. दृश्यपरिणामांचे काम स्वीडनमधील फिल्मगेट फिल्म्स या संस्थेने केले. पार्श्वसंगीत डेन्मार्कचे येस्पर किड यांचे असून संगणकीय खेळांच्या संगीतासाठी ते विख्यात आहेत. शीर्षकगीत अजय-अतुल यांचे आहे. विशेष उल्लेख करावा अशी योजना म्हणजे मोहम्मद समद या एकाच बालनटाने पांडुरंग व शापित आजी या दोन्ही भूमिका केल्या आहेत. रंगभूषेखाली ही गोष्ट ओळखू येत नाही, परंतु ती कळल्यावर अर्थाची भर पडते. घराण्याचा पहिला शाप व शेवटचा वारस यांचा चेहरा एकच आहे.

६. प्रदर्शन व प्रतिसाद

२०१८ साली आनंद एल. राय यांच्या कलर यलो प्रॉडक्शन्सचे साहाय्य लाभले व वितरणाचा मार्ग मोकळा झाला. त्या वर्षीच्या ७५ व्या व्हेनिस चित्रपट महोत्सवातील समीक्षक सप्ताहाचा प्रारंभ 'तुंबाड'ने झाला. हा मान मिळविणारा तो पहिला भारतीय चित्रपट होय.

मायदेशी मात्र वाट सोपी नव्हती. केवळ प्रौढांसाठीचे प्रमाणपत्र असल्याने कुटुंबवत्सल प्रेक्षक दुरावला. आदल्या आठवड्यात 'अंधाधुन' लागला होता व पुढल्या आठवड्यात 'बधाई हो' आला. हे दोन्ही चित्रपट गाजले. 'तुंबाड'ची पहिल्या दिवसाची मिळकत सुमारे ६५ लाख रुपये होती. पाहिलेल्यांच्या शिफारशीने पुढील दिवसांत आकडे वाढले व चित्रपट काही आठवडे टिकला, तरी एकंदर उत्पन्न १३-१४ कोटींच्या आसपासच राहिले. त्यानंतर फिल्मफेअर पुरस्कारांत छायालेखन, कलादिग्दर्शन व ध्वनियोजन या तीन विभागांत त्याला पारितोषिके मिळाली.

आंतरजालावरील प्रसारणाद्वारे चित्रपट घरोघर पोहोचला आणि हळूहळू त्याची कीर्ती वाढत गेली. १३ सप्टेंबर २०२४ रोजी तो चित्रपटगृहांत पुन्हा प्रदर्शित झाला तेव्हा एक दुर्मीळ गोष्ट घडली. पुनःप्रदर्शनाचे उत्पन्न मूळ प्रदर्शनापेक्षा अधिक झाले. घरी बसून विनामूल्य वा अल्प मोलात पाहता येणारा चित्रपट पाहण्यासाठी लोकांनी पुन्हा तिकीट काढले. ज्या वातावरणासाठी चार पावसाळे खर्ची पडले ते मोठ्या पडद्यावर व काळोख्या सभागृहातच पूर्णत्वाने अनुभवता येते, हे प्रेक्षकांनी उशिरा का होईना ओळखले. त्याच सुमारास उत्तरभागाची घोषणा झाली. बर्वे यांनी तिला शुभेच्छा दिल्या, पण ते स्वतः त्या उपक्रमात नाहीत.

७. इटालियन भयपटांशी तुलना

खडतर निर्मितीच्या इतिहासात इटालियन भयपटांचे स्थान मोठे आहे. तुलनेसाठी दोन उदाहरणे पुरेशी आहेत. 'इ वाम्पीरी' (१९५७) हा बोलपटयुगातील पहिला इटालियन भयपट मानला जातो. रिकार्दो फ्रेदा यांनी तो अवघ्या बारा दिवसांत पुरा करण्याचे ठरविले होते. मध्येच मतभेद होऊन ते निघून गेले आणि छायालेखक मारिओ बावा यांनी उरलेले काम दोन दिवसांत उरकले, असे सांगितले जाते. पुढे याच बावा यांच्या 'लिसा ए इल द्याव्होलो' (१९७३) या चित्रपटास ग्राहक मिळाला नाही. त्या सुमारास 'द एक्झॉर्सिस्ट'ने जगभर यश मिळविले होते. निर्माते आल्फ्रेदो लिओने यांनी मूळ चित्रपटात धर्मगुरू व भूतबाधा यांची नवी दृश्ये घुसडली आणि १९७५ साली तो वेगळ्याच नावाने बाजारात आणला. बावा यांची मूळ कृती योग्य रूपात लोकांसमोर आली ती त्यांच्या निधनानंतर.

दोन्ही देशांत चित्रपट पुन्हा चित्रित झाले. पण पुनर्चित्रणाचा हेतू परस्परविरुद्ध आहे. 'लिसा'मध्ये बाजाराला हवे ते मिळावे म्हणून मूळ कल्पना मोडण्यात आली. 'तुंबाड'मध्ये मूळ कल्पना साधली नाही म्हणून तयार झालेले काम मोडण्यात आले. पहिल्या प्रकारात निर्माता दिग्दर्शकाविरुद्ध उभा आहे. दुसऱ्यात निर्माता, नट व दिग्दर्शक एकाच बाजूस असून त्यांच्यासमोर केवळ काळ व पैसा उभे आहेत. तेव्हा 'खडतर निर्मिती' हा एकच शब्द वापरून दोहोंचे एकत्र वर्गीकरण करणे शास्त्रशुद्ध होणार नाही.

८. मराठवाड्यातील प्रेक्षक व गुप्तधनाची कल्पना

'तुंबाड' हा कोकणचा चित्रपट आहे. तथापि बीड जिल्ह्यासारख्या भागातून त्याच्याकडे पाहिले असता काही वेगळे पैलू नजरेस येतात. रत्नागिरी जिल्ह्यात वर्षाकाठी ३००० मिलिमीटरांहून अधिक पाऊस पडतो, तर बीडमध्ये त्याच्या साधारण चौथ्या हिश्श्याएवढा. ज्या प्रदेशात पाऊस न येणे हाच कोप समजला जातो तेथील प्रेक्षकाला पाऊस न थांबणे हा कोप म्हणून स्वीकारावा लागतो. हस्तराला सोने लाभले पण अन्न लाभले नाही, ही कल्पना मात्र अवर्षणाच्या प्रदेशात निराळ्याच तीव्रतेने जाणवते. सोन्यापेक्षा मूठभर कणीक मोलाची ठरते हे सत्य १९७२ चा दुष्काळ पाहिलेल्या पिढीला कोणी शिकविण्याची गरज नाही.

दुसरा धागा देवीचा. अंबाजोगाईची योगेश्वरी ही कोकणातील अनेक ब्राह्मण घराण्यांची कुलस्वामिनी आहे. परळीच्या वैजनाथाशी ठरलेला तिचा विवाह मुहूर्त टळल्यामुळे झाला नाही व वऱ्हाडाचे पाषाण झाले, अशी दंतकथा तेथील हत्तीखाना लेण्यांच्या संदर्भात सांगितली जाते. कोकण व बालाघाट यांच्यामध्ये अनेक डोंगर व नद्या आहेत, पण श्रद्धेचा रस्ता जुनाच आहे. चित्रपटातील देवी सर्वांची माता असून तिचे उदर हेच कथेचे स्थान आहे. योगेश्वरी मात्र कुमारिका. कल्पित पुराण व जिवंत लोकपरंपरा यांतील हा भेद ध्यानी घेतला म्हणजे पटकथाकारांनी प्रचलित दैवतांना हात न लावता नवे दैवत का रचले असावे, याचा अंदाज येतो. लोभी देवाची कथा कोणाच्याही कुलदैवतावर बेतणे शक्य नव्हते.

तिसरा व सर्वांत गंभीर पैलू गुप्तधनाचा. जुन्या वाड्यांत, गढ्यांत व मंदिरांत धन पुरलेले आहे आणि त्यावर राखणदार बसलेला आहे, ही समजूत महाराष्ट्रभर आढळते. १८७८ च्या निखात निधी अधिनियमाने दहा रुपयांहून अधिक मोलाचे पुरलेले धन सापडल्यास जिल्हाधिकाऱ्यांस कळविणे बंधनकारक केले. पण कायद्याने धनाची मालकी ठरते, लोभ आवरत नाही. बीडच्या शेजारी, परभणी जिल्ह्यातील मानवत येथे १९७२ ते १९७४ या काळात स्त्रिया व लहान मुलींचे जे हत्यासत्र घडले त्यामागे गुप्तधनप्राप्तीची अघोरी कल्पना असल्याचे तपासात पुढे आले आणि सारा महाराष्ट्र हादरला. डॉ. नरेंद्र दाभोलकर यांच्या २० ऑगस्ट २०१३ रोजी झालेल्या हत्येनंतर राज्यात नरबळी व जादूटोणा प्रतिबंधक कायदा आला. त्याच्या पार्श्वभूमीवर अशा घटनांची मोठी मालिका उभी होती.

या वास्तवापुढे 'तुंबाड'ची भूमिका काय, हा प्रश्न विचारलाच पाहिजे. अद्‍भुताचे चित्रण अंधश्रद्धेला खतपाणी घालते, असा आक्षेप भयपटांवर नेहमी घेतला जातो. 'तुंबाड'ला तो सरसकट लागू होत नाही. त्यात धन खरे आहे व राक्षसही खरा आहे, परंतु धन मिळविणाऱ्या एकाही व्यक्तीला सुख लाभत नाही. मंत्र, बळी वा मांत्रिक यांना कथेत प्रतिष्ठा नाही. विनायक विधी करीत नाही, तो केवळ चोरी करतो. भयाचे मूळ भुतात नसून माणसाच्या वृत्तीत आहे असेच चित्रपट सांगतो. शेवटी सोने नाकारणारा बालक हाच कथेचा विवेक आहे. गुप्तधनाच्या वेडाने ज्या प्रदेशात खरी बालके बळी गेली, तेथे त्या बालकाच्या नकाराला केवळ कलात्मक अर्थ उरत नाही.

९. उपसंहार

आरंभी उपस्थित केलेल्या प्रश्नाकडे वळू. 'तुंबाड'चा विलंब हा दुर्दैवाचा भाग होता की स्वरूपाचा? उपलब्ध वृत्तान्तावरून दोन गोष्टी निराळ्या कराव्या लागतात. १९९७ ते २०१२ या काळातील विलंब बाजारव्यवस्थेमुळे झाला. जो प्रकार स्वस्त मानला गेला त्यावर मोठा खर्च करण्यास कोणी धजावले नाही. २०१२ ते २०१८ या काळातील विलंब मात्र कृतीच्या स्वभावातून आला. खरा पाऊस, खरे वाडे व असमाधानकारक काम मोडण्याची तयारी ही त्याची कारणे होत. पहिल्या विलंबाने चित्रपटाचे नुकसान केले असेल, दुसऱ्याने त्याला घडविले. २०१८ ते २०२४ हा तिसरा विलंब प्रेक्षकांचा म्हणावा लागेल, आणि तो भरून निघाला याचे श्रेयही प्रेक्षकांनाच आहे.

यावरून विलंब हा गुणच आहे असा निष्कर्ष काढणे चुकीचे ठरेल. अशाच चिकाटीने आरंभिलेल्या व मध्येच विरून गेलेल्या कृतींची गणती कोणी ठेवीत नाही. एका नटाने मालमत्ता विकली म्हणून एक चित्रपट पुरा झाला, ही घटना गौरवास्पद असली तरी ती व्यवस्था म्हणता येणार नाही. मराठी वाङ्मयात भयकथेची समृद्ध परंपरा असताना आणि कोकणापासून मराठवाड्यापर्यंत वाडे, गढ्या व लोककथा विखुरलेल्या असताना त्यांतून अशी कृती एकदाच, तीही हिंदीत, का निर्माण व्हावी, हा पुढील संशोधनाचा विषय आहे. धारपांच्या कथांचे रूपांतरण, वाड्यांचे चित्रपटीय उपयोजन आणि गुप्तधनाच्या लोककथांचे संकलन या तीन दिशांनी पदव्युत्तर विद्यार्थ्यांना त्यावर काम करता येईल. त्यांपैकी तिसऱ्या कामासाठी बीड जिल्ह्यातील गावोगावच्या गढ्या हेच पहिले ग्रंथालय आहे.